फिलिपिन्सचा जुना 'बोल्ड' सिनेमा: तीन रात्रींत कसा बघायचा

आधी सालं डोक्यात घ्या. 1970 च्या सुमारास मनिलात 'बोम्बा' म्हणजे उघड्या शृंगाराच्या सिनेमांची लाट आली. सप्टेंबर 1972 मध्ये राष्ट्राध्यक्ष मार्कोसनी मार्शल लॉ लावला आणि ती दबली. मग पडद्यावरची नटी अंगाला चिकटलेल्या ओल्या कपड्यांत आली. पुढे 1982 मध्ये सरकारनंच सिनेमाला पैसा पुरवणारी संस्था काढली आणि मनिला फिल्म सेंटरमध्ये कात्री न लागलेले खेळ लागू लागले. 1983 मध्ये विरोधी नेते बेनिग्नो अक्विनोंची हत्या झाली. तिथून मार्कोस पळाले त्या फेब्रुवारी 1986 पर्यंतचा काळ, खरा ऐवज तिथेच आहे.

पहिल्या रात्री पेके गाल्यागांचा 'स्कॉर्पिओ नाइट्स' (1985). वरच्या खोलीतला विद्यार्थी फळ्यांतल्या भोकातून खालचा संसार बघतो. वॉचमन कामावरून येतो, जेवतो, झोपलेल्या बायकोजवळ जातो. रोज तेच. हा क्रम नीट लक्षात ठेवा, कारण पुढे विद्यार्थी तोच क्रम गिरवतो. पुढे ढकलत बघाल तर नेमकं हेच निसटेल. आपल्या पैठणच्या सातवाहनांच्या गाथासप्तशतीत वाटसरू पाणी पिताना बोटं सैल सोडतो, आणि पाणी घालणारी धार बारीक करते. शृंगार असा वेळ काढण्यात असतो. इथेही तसाच शोधा.

दुसऱ्या रात्री 'बोटमन' (1984): पाग्सान्हान या गावचा नावाडी मनिलात येतो आणि पैशासाठी लोकांसमोर संभोग करू लागतो. 'सिलिप' (1985) शेवटी ठेवा. सुरुवातीलाच रेडा मारतात, ते बघवत नाही. सोबतच्यांना आधी सांगा.

संवाद टागालोग या तिथल्या भाषेत, म्हणून सबटायटल आदल्या दिवशी तपासा, सुरुवातीला आणि शेवटी दोन्हीकडे. संवाद आणि सबटायटलमध्ये दोन्हीकडे सारखाच फरक असेल तर व्हीएलसी या व्हिडिओ प्लेअरमध्ये जी आणि एच या कळांनी 50-50 मिलिसेकंद सरकवा. फरक वाढत जात असेल तर कॉपी सेकंदाला 24 ऐवजी 25 फ्रेमनं पळतेय; तासाला जवळपास अडीच मिनिटांचा घोळ होतो. तिथे सरकवून भागत नाही, सबटायटलचा फ्रेम रेट बदलून नवी फाईल करावी लागते.

बघणारे सगळे अठरा पूर्ण झालेले हवेत, आणि घरीच बसा. जाहीर खेळाला सेन्सॉरचं प्रमाणपत्र किंवा केंद्राची सूट लागते. एप्रिल-मेमध्ये पत्र्याच्या खोलीत प्रोजेक्टर तापून मध्येच बंद पडतो. रात्री नऊनंतर लावा, त्याची मागची हवेची जाळी भिंतीपासून हातभर लांब ठेवा. लाईट गेली तर इन्व्हर्टरवर प्रोजेक्टर आणि स्पीकर एवढंच चालवा, कूलर नको.