पोरांची कुस्ती मोबाइलात धरताना

नव्या पेठेत माझं मोबाइल दुरुस्तीचं दुकान. पोरगी कुस्ती खेळते, ३६ किलोत. त्यामुळं तालमीतले पालक हक्कानं काउंटरवर येतात, ‘ओ, व्हिडिओ नीट कसा काढायचा?’

पहिलं म्हणजे बसा. उभ्यानं वरनं काढलं की नुसती डोकी दिसतात, आणि पट, म्हणजे पाय धरून पाडायचा डाव, तर पायाला लागतो. मांडी घाला, कोपर गुडघ्यावर टेका, मोबाइल आडवा. स्पर्धेत मॅटजवळ सोडत नाहीत, तिथं गॅलरीची पहिली पायरी गाठा. पंधरा वर्षांखालच्या गटात दोन मिनिटांच्या दोन फेऱ्या असतात, मध्ये ३० सेकंद विश्रांती. तीही काढा, पोर किती दमलंय ते तिथंच कळतं. सेकंदाला ६० फ्रेम ठेवलं तर डाव थांबवून बघताना हात तितके पुसट होत नाहीत. आणि ओरडू नका, माइक तुमच्याच तोंडाशी असतो.

उन्हाळ्यात आपल्याकडं मोबाइल तापून कॅमेरा मध्येच बंद पडतो. कुस्ती लागेपर्यंत सावलीत ठेवा. बर्फाच्या पिशवीवर ठेवू नका. आत पाणी सुटलेले दोन मोबाइल मी स्वतः उघडलेत.

व्हिडिओ आधी वस्तादांना. व्हॉट्सअ‍ॅपवर साधा पाठवला की तो दाबला जातो, पकड दिसत नाही. ‘डॉक्युमेंट’ म्हणून पाठवा. मात्र तसा पाठवला की जागेची नोंदही फाइलीबरोबर जाते, म्हणून कॅमेऱ्यातलं लोकेशन आधीच बंद करा.

आता यूट्यूब. पोरीनं सरावात जिंकलेली एक जोड मी टाकली होती, वर झोकात लिहिलं, ‘चारी मुंड्या चीत’. खालची पोरगी आमच्याच तालमीतली. ती आठवडाभर आली नाही. तिची आई दुकानात आली, ओरडली नाही, एवढंच म्हणाली, ‘माझ्या लेकीला विचारलं होतं का?’ व्हिडिओ तिच्यासमोरच काढून टाकला.

तेव्हापासून दोन्ही घरांचा होकार घेतो, दोन्ही पोरींचाही. नाव, शाळा, तालमीची वेळ कुठंच लिहीत नाही. खातं माझं, पोरीचं नाही. नातेवाइकांना दाखवायला ‘अनलिस्टेड’ पुरतं, शोधून सापडत नाही, लिंकवरच उघडतं, पण लिंक पुढं गेली की कुणीही बघू शकतो. मोजक्या माणसांसाठी ‘प्रायव्हेट’च बरं. ‘मुलांसाठी बनवलेला’ ही खूण व्हिडिओत पोर आहे म्हणून करायची नसते. बघणारी मुलं असतील तरच ती करायची. कमेंट मी आठवणीनं बंद करतो. मुखचित्र (थंबनेल) यूट्यूबवर सोडू नका, कॉस्च्युममधलं भलतंच दृश्य उचलतं. ट्रॅकसूट घालून हात मिळवतानाचा फोटो लावा.

हरलेल्या कुस्त्याही काढा. वस्ताद त्याच जास्त बघतात. मागच्या महिन्यातली हार पाचव्यांदा बघताना पोरगीच म्हणाली, ‘पप्पा, दरवेळी माझा उजवा पाय पुढं असतो.’ तो व्हिडिओ तिघांच्याच मोबाइलात आहे.