बंद पडलेल्या ‘द इंटरनॅशनल’चे पॉइंट्स लावून खारघरला नऊ होल कसे खेळायचे

आमच्या रविवारच्या गोल्फवाल्या चौघांत दर वेळी तेच रडगाणं, एका होलला आठ-नऊ स्ट्रोक (फटके) लागले की कार्ड खिशात आणि तोंड फुगलेलं. मग मी एक बंद पडलेली टूर्नामेंट उकरून काढली आणि तिचे पॉइंट्स खारघर व्हॅलीच्या गोल्फ कोर्सला लावले, आता कोणी मध्येच सोडत नाही.

टूर्नामेंटचं नाव द इंटरनॅशनल. अमेरिकेत कोलोरॅडोमध्ये, कॅसल पाइन्स क्लबवर, १९८६ ते २००६ पीजीए टूरवर (प्रो गोल्फरांच्या स्पर्धांच्या मालिकेत) व्हायची. जॅक विकर्स नावाच्या तेलवाल्या शेठने सुरू केलेली, कोर्स जॅक निक्लसने आखलेला. बाकी ठिकाणी स्ट्रोक मोजायचे, इथे पॉइंट्स. पार म्हणजे त्या होलला ठरवून दिलेले स्ट्रोक. बर्डीला (पारहून एक कमी) २, ईगलला (दोन कमी) ५, अल्बाट्रॉसला (तीन कमी) ८. पारला शून्य. बोगी (पारहून एक जास्त) उणे १, डबल बोगी (दोन जास्त) किंवा त्याहून वाईट काहीही झालं तरी उणे ३. आपल्या नेहमीच्या स्टेबलफर्ड या पॉइंट्सच्या पद्धतीत पारला २ आणि बोगीलाही १ मिळतो त्यामुळे जपून खेळणाऱ्याचं बरं चालतं, इथे पारला छदाम नाही हे आधी डोक्यात बसवा.

समजा मी नऊच्या नऊ होलांना पार मारला (स्वप्नातच, पण समजा), म्हणजे नऊ होलांचा पार ३६ धरून ३६ स्ट्रोक, पॉइंट्स शून्य. मित्राने २ बर्डी, ३ बोगी, ४ पार केले, त्याचे ३७ स्ट्रोक पण पॉइंट्स ४ वजा ३, म्हणजे १. स्ट्रोकवर मी जिंकलो असतो, इथे वडापावचे पैसे माझ्याकडून. म्हणून पार ५ च्या होलला दोन फटक्यांत ग्रीन (होलाभोवतीचं बारीक कापलेलं गवत) गाठता येतंय असं वाटलं तर मारा बिनधास्त.

आता महत्त्वाचं. हे पॉइंट्स प्रो लोकांसाठी होते, आपण सरळ लावले तर वाट लागते. पहिल्या रविवारी मी ४ डबल, ४ बोगी, १ पार करून उणे १६ वर आलो, कॅडी (बॅग उचलणारा) हसू दाबत होता. त्यामुळे नेट धरा, म्हणजे सूट वजा करून उरलेले स्ट्रोक. कार्डावर स्ट्रोक इंडेक्सचा (कुठल्या होलला आधी सूट मिळते त्या क्रमाचा) रकाना असतो, तुमचा हँडिकॅप (खेळाच्या पातळीप्रमाणे १८ होलांना मिळणारी सूट) १८ असेल तर प्रत्येक होलला एक स्ट्रोक सूट, पार ४ ला पाच मारले तरी नेट पार. हँडिकॅप १० असेल तर इंडेक्स १ ते १० वाल्या होललाच सूट.

नेट डबल बोगी झाली की बॉल उचला आणि पुढे चला. उणे ३ च्या खाली काही नाहीये, मग ऑक्टोबरच्या उन्हात झुडपात काठी घालत कशाला बसायचं.

आणि पैज शेवटच्या पटपर्यंत (ग्रीनवरून बॉल होलात ढकलायचा हलका फटका) चालू ठेवा. २००२ ला स्टीव्ह लोअरीने १७व्या होलला, पार ५ ला, दुसरा शॉट थेट होलात घातला, एका झटक्यात ८! १८व्याला बर्डी झाली असती तर जिंकलाच होता, पट हुकला. रिच बीम ४४, लोअरी ४३. हा बीम एकेकाळी सिअ‍ॅटलला मोबाइल आणि कार स्टिरिओ विकायचा, आणि दोनच आठवड्यांनी त्याने टायगर वुड्सला एका स्ट्रोकने मागे टाकून पीजीए चॅम्पियनशिपही मारली.

एवढी भारी टूर्नामेंट बंद का पडली? टायटल स्पॉन्सर मिळेना. टायगर तिथे खेळला तो फक्त १९९८ आणि १९९९ ला, आणि तो नसला की टीव्हीवर बघणार कोण. फेब्रुवारी २००७ ला विकर्सने गाशा गुंडाळला, आणि ती रिकामी तारीख गेली कोणाला, तर वॉशिंग्टनजवळच्या टायगरच्याच नव्या टूर्नामेंटला! माझ्या मते विकर्सला हेच जास्त लागलं असणार.

हां, कार्डावर पॉइंट्सचा वेगळा रकाना आखा आणि उणे चिन्ह ठळक काढा. आमच्यातल्या एकाने दोन डबल बोगींचे उणे ३ बेरजेत अधिक धरले आणि आम्ही त्याला जिंकल्याचा चहा पण पाजला, बेरीज चुकलेली कळली पार नेरूळ आल्यावर.