शिवणीची जादू फुकट होती, ती अशी दुरुस्त केली

माझ्या कथेतली बाई मंतरलेले कपडे शिवते, पण ती काहीही शिवायची आणि लगेच चालायचं, मग गोष्टीत दमच राहीना. तीनदा लिहून फाडलं. परवा पंचवटीत आजीकडे गेलो तर ती जुन्या लुगड्यांची गोधडी घेऊन बसलेली, म्हणाली, धावदोरा पटकन होतो रे पण टोक ओढलं की सगळा निघतो, उलट्या टिपेला दोरा नि वेळ जास्त लागतो पण ती सहज उसवत नाही. तिथेच सुचलं! आता धावदोऱ्याचा मंत्र एकच रात्र टिकतो, उलट्या टिपेचा वर्षभर, पण दोरा कुणीतरी वापरलेल्या कापडातूनच काढायचा आणि त्या माणसाची एक आठवण कायमची जाते. काल कथेतल्या बाईने तिच्या आईच्या पदराचा दोरा काढला, तो प्रसंग लिहिताना हात थांबला माझा.