मुलांच्या अ‍ॅनिमेशनमध्ये येताय? आधी निकष समजून घ्या

माझ्या पहिल्या स्टोरीबोर्डमध्ये, म्हणजे दृश्याच्या चौकटी-चौकटींच्या आराखड्यात, एक मुलगा बाबांच्या स्कूटरवर पुढे उभा राहून होळकर पुलावरून रविवार कारंज्याकडे निघाला होता. नाशिकमध्ये आम्ही असेच वाढलो. अकरा चौकटी जीव लावून काढल्या, वाऱ्यावर उडणाऱ्या केसांसकट. शेरा आला : मुलगा मागे बसवा, दोघांना हेल्मेट. केस गेले, चेहराही निम्मा झाकला. खूप राग आला होता.

आता तो शेरा पटतो. ‘मूल हे घरी करून बघेल का?’ हा त्यामागचा प्रश्न. ‘टॉम अँड जेरी’ १९४० मध्ये सुरू झालं ते थिएटरसाठी, तेव्हा हा प्रश्न कुणाच्या डोक्यातही नसावा. २००६ मध्ये ब्रिटनमध्ये एका प्रेक्षकाच्या तक्रारीवरून, सिगारेट ओढणं ऐटीत दाखवणारी त्यातली दृश्यं कापायचं ठरलं. हाणामारी राहिली. मला हे योग्य वाटतं. चपटा होऊन परत उठणारा बोका खोटा आहे हे पोरांना कळतं, ऐट मात्र ती लगेच उचलतात.

दुसरा नियम तर दवाखान्यातून आला. १६ डिसेंबर १९९७ ला जपानमध्ये ‘पोकेमॉन’च्या एका भागात लाल-निळा प्रकाश भराभर लुकलुकला आणि सहाशेहून अधिक जणांना, बहुतेक मुलांनाच, रुग्णालयात न्यावं लागलं. तो भाग पुन्हा कधी दाखवला नाही. त्यामुळे वीज, स्फोट, जादू काढताना फ्रेम मोजा : सेकंदाला तीनपेक्षा जास्त झगझगाट नको, भडक लाल तर टाळाच.

आपल्याकडच्या १९९४ च्या केबल टीव्ही नियमांमधलं सहावं कलम, म्हणजे टीव्हीवर काय दाखवू नये याची संहिता, एकदा वाचून काढा. ओटीटीसाठी २०२१ पासून ७+, १३+, १६+ असे वयोगट आहेत. सिनेमाच्या प्रमाणपत्रातही २०२४ पासून तसेच आलेत. मी शिकले त्या क्लासमध्ये सॉफ्टवेअर उत्तम शिकवलं, यातलं काहीच नाही. म्हणून कथा हातात आली की आधी वयोगट विचारा. रामकुंडात सूर मारणारी पोरं काढायची असतील, तर काठावर लक्ष ठेवणारं मोठं माणूस पहिल्याच कच्च्या चित्रात घ्या. अ‍ॅनिमॅटिक (चौकटी वेळेनुसार जोडून केलेला कच्चा व्हिडिओ) झाल्यावर ते घुसवलं की सगळं टायमिंग बिघडतं.

स्कूटरचं दृश्य मी पुन्हा काढलं. चेहरा झाकलेला, म्हणून भीती आणि मजा दोन्ही हातांत आणली : बाबांचा शर्ट मुठीत घट्ट धरलेला, पूल संपता संपता एक बोट सैल होतं, मग दुसरं. मुलाखतीला जाताना आजही आधी त्याच चौकटी दाखवते, जुन्या अकरा शेजारी ठेवून.