ड्रॉप टेस्टचं सिम्युलेशन करताना या चुका टाळा: रंग नंतर, आधी ऊर्जा

सोलापूरच्या अक्कलकोट रोड एमआयडीसीतल्या एका मोल्डिंग युनिटमध्ये विहिरीवरच्या पंपाच्या स्टार्टरची पेटी बनायची. एबीएस प्लास्टिक, भिंत अडीच मिलिमीटर, आतल्या सामानासकट वजन २ किलो. टेम्पोच्या फाळक्यावरून उतरवताना पेटी हातातून सुटली की कोपऱ्यातला स्क्रूचा बॉस (स्क्रू बसतो ती पोकळ खुंटी) मुळापासून तुटायचा. ड्रॉप टेस्टच्या, म्हणजे वस्तू उंचीवरून टाकून बघण्याच्या चाचणीच्या, माझ्या संगणकावरच्या सिम्युलेशनमध्ये मात्र अख्खी पेटी निळी, म्हणजे कमी ताणाची, कुठेच धोका नाही. मालकांनी तुटलेली पेटी टेबलावर ठेवली, शेजारी माझा रिपोर्ट ठेवला आणि काहीच बोलले नाहीत.

चूक सापडायला दोन दिवस लागले, आणि ती सॉल्व्हरची, म्हणजे गणित सोडवणाऱ्या सॉफ्टवेअरची, नव्हती. सुरुवातीचा वेग मी फक्त प्लास्टिकच्या पेटीला दिला होता. आतला कॉन्टॅक्टर, रिले, पट्ट्या मिळून १.४ किलोचं सामान वेगाविनाच होतं. म्हणजे पेटी पडत होती आणि तिला तोडणारं वजन जागेवरच उभं होतं.

ही चूक पहिल्या मिनिटात पकडता येते. १ मीटरवरून पडणाऱ्या २ किलोच्या वस्तूची ऊर्जा हातानेच काढा: २ गुणिले ९.८१ गुणिले १, म्हणजे १९.६ ज्यूल. आता सॉल्व्हरने शून्याव्या क्षणी दाखवलेली गतिज ऊर्जा बघा. माझ्या मॉडेलमध्ये ती ५.९ होती. हा एक आकडा आधी वाचला असता तर तो रिपोर्ट गेलाच नसता. म्हणून सोलापुरातल्या डिप्लोमा आणि इंजिनिअरिंगच्या मुलांना माझं पहिलं सांगणं हेच असतं: ऊर्जेचा आलेख जुळल्याशिवाय रंगीत चित्र उघडायचं नाही.

याच आकड्यात मोजमापाच्या एककांची चूकही उघडी पडते. बरेच जण मिलिमीटर, टन, सेकंद ही पद्धत वापरतात. तिच्यात एबीएसची घनता १.०५ × १०⁻⁹ लिहावी लागते, गुरुत्वाकर्षण ९८१०, आणि १ मीटरवरून पडल्यावरचा वेग ४४३० मिलिमीटर प्रति सेकंद. तिथे कुणी सवयीने ४.४३ लिहिलं की वेग हजारपट कमी होतो आणि ऊर्जा दहा लाखपट. पेटीला ओरखडाही पडत नाही आणि माणूस खूश होतो. सॉल्व्हर छापतो ते एकूण वस्तुमानही बघा. २ किलोच्या पेटीसाठी तिथे ०.००२ टन दिसलं पाहिजे.

अख्खं पडणं सोडवत बसू नका. १ मीटर पडायला साधारण ०.४५ सेकंद लागतात, आणि त्या वेळात पेटीला काहीच होत नसतं. ती फरशीच्या अगदी वर ठेवा, वेग द्या आणि पुढचे १० मिलिसेकंद सोडवा. हिशोब असा आहे. एक्सप्लिसिट पद्धतीत वेळ छोट्या टप्प्यांनी पुढे नेतात, आणि तो टप्पा, म्हणजे टाइम स्टेप, सर्वात लहान एलिमेंटवर (मॉडेलच्या तुकड्यावर) ठरतो: एलिमेंटची लांबी भागिले त्या पदार्थातला ध्वनीचा वेग. स्टीलमध्ये तो सेकंदाला ५००० मीटरच्या आसपास असतो. स्क्रूच्या आट्यात ०.२ मिलिमीटरचा एक एलिमेंट राहिला की स्टेप ०.०४ मायक्रोसेकंदांवर येतो. १० मिलिसेकंदांना अडीच लाख स्टेप लागतात, अख्ख्या पडण्याला एक कोटीहून जास्त. त्यामुळे स्क्रूचे आटे मॉडेलमध्ये ठेवूच नका, साधा दंडगोल पुरतो.

वेळ वाचवायला मास स्केलिंग वापरतात, म्हणजे लहान एलिमेंटचं वजन मुद्दाम वाढवून टाइम स्टेप मोठा करतात. ते वापरताना वाढलेलं वस्तुमान टक्क्यांत बघा. आघातात वेग ठरलेला असतो, त्यामुळे वाढवलेलं वजन सोबत जादा ऊर्जाही घेऊन येतं.

मेशबद्दल, म्हणजे एलिमेंटच्या जाळीबद्दल, थोडक्यात. अडीच मिलिमीटरच्या भिंतीत चार नोडचा (कोपऱ्याच्या बिंदूंचा) एकच टेट्रा, म्हणजे चार पृष्ठांचा, एलिमेंट घातला तर भिंत आहे त्यापेक्षा ताठ वागते. पातळ पत्र्यासारखे शेल एलिमेंट घ्या, किंवा जाडीत निदान तीन-चार थर द्या. कमी इंटिग्रेशनचे (ताण कमी बिंदूंवर मोजणारे) एलिमेंट असतील तर अवरग्लास ऊर्जा, म्हणजे एलिमेंटच्या खोट्या वेड्यावाकड्या हालचालींची ऊर्जा, अंतर्गत ऊर्जेच्या ५ टक्क्यांच्या आत हवी, १० च्या वर गेली की निकाल बाजूला ठेवा. आणि हे प्रत्येक भागासाठी वेगळं तपासा. पूर्ण मॉडेलच्या बेरजेत एका बॉसची गडबड दडून जाते. कॉन्टॅक्टची, म्हणजे भाग एकमेकांना टेकण्याची, ऊर्जा ऋण आली तर बहुतेक वेळा दोन भाग सुरुवातीलाच एकमेकांत घुसलेले असतात.

आता पदार्थ, जिथे मला सगळ्यात जास्त काळजी वाटते. फक्त लवचीक गुणधर्म दिले की बॉसच्या मुळाशी १८० मेगापास्कल असा आकडा येतो. एबीएस ४०च्या आसपासच यील्ड होतं (कायमचं वाकू लागतं), मग १८० येणार कुठून? यील्डनंतरच्या कायमच्या विकृतीचा वक्र द्यायलाच हवा, आणि तो खऱ्या ताण-विकृतीचा. डेटाशीटमधली चाचणी २३ अंशांवर, हळू ओढून केलेली असते. आघातात प्लास्टिक वेगाने ताणलं जातं, तेव्हा ते जास्त ताण घेतं पण तुटण्याआधी कमी ताणलं जातं. उलट मे महिन्यात सोलापुरात पारा चाळिशी ओलांडतो, पत्र्याच्या शेडमध्ये त्याहून वर जातो, आणि तिथे तेच प्लास्टिक मऊ पडतं. दोन्ही टोकं चालवून बघा. शिवाय मोल्डमध्ये वितळलेल्या प्लास्टिकचे दोन प्रवाह जिथे भेटतात ती वेल्ड लाईन कमकुवत असते, आणि मॉडेलला ती ठाऊक नसते. बॉसभोवती ती हमखास असते. मोल्डिंगवाल्याला विचारा, तो बोट ठेवून दाखवेल.

प्रवेगाचा आलेख मागितला असेल तर एका नोडचा कच्चा आकडा देऊ नका, तो नुसता गोंगाट असतो. नोंद दर १० मायक्रोसेकंदांनी घ्या आणि गोंगाट गाळणारा फिल्टर लावा. दर मिलिसेकंदाला नोंद घेतलीत तर शिखर मधल्यामध्ये निसटतं.

लायसन्स परवडत नाही म्हणून थांबू नका. ओपनरेडिओस हा आघाताचा सॉल्व्हर २०२२ पासून मुक्त स्रोत आहे. एलएस-डायना या प्रसिद्ध सॉल्व्हरचं मूळही आघाताच्याच अभ्यासात आहे: जॉन हॉलक्विस्ट यांनी १९७६ मध्ये लॉरेन्स लिव्हरमोर प्रयोगशाळेत डायना-थ्रीडी लिहिलं, ते कमी उंचीवरून टाकलेल्या बॉम्बचा आघात अभ्यासण्यासाठी.

शेवटची चूक दिशेची. सिम्युलेशनमध्ये पेटी तळावर अगदी सपाट पडते, सगळे नोड एकाच क्षणी टेकतात आणि बळाचा आकडा अवाच्या सवा येतो. हाताने सोडलेली पेटी एक-दोन अंश तरी कललेली असतेच. आम्ही शहाबादी फरशीवर पेटी टाकून मोबाईलच्या स्लो मोशनमध्ये चित्रण केलं. सेकंदाला २४० फ्रेम म्हणजे आघाताच्या वेळची जेमतेम एक-दोन चित्रं, पण टेकतानाचा कोन आणि उसळीची उंची त्यातून नीट मोजता आली. तोच कोन मॉडेलमध्ये दिला, आतल्या सामानालाही वेग दिला, आणि लाल डाग बॉसच्या मुळाशी उमटला, टेबलावरच्या पेटीत भेग होती तिथेच. मुळाशी गोलाई वाढवून दोन रिब (आधाराच्या पट्ट्या) दिल्या, आणि मग पुन्हा पहिल्यापासून, ऊर्जेच्या आलेखापासून, तपासायला बसलो.