चहाच्या टपरीवरची जात कशी ओळखाल

तमिळनाडूच्या खेड्यांत टपरीवर ‘दोन ग्लास’ पद्धत, म्हणजे दलितांना चहासाठी वेगळा ग्लास, आहे का, हे मालकाला थेट विचारू नका. उत्तर ‘नाही’च येणार, आणि पुढचे काही दिवस सगळे जपून वागणार.

सकाळच्या गर्दीत चहा घेऊन तासभर बसा. आता वेगळा ग्लास खुंटीला टांगलेला दिसेलच असं नाही. काहींना काचेचा ग्लास आणि काहींना कागदी कप मिळतो का, ते बघा. कप सगळ्यांनाच मिळत असेल, तर तो पुरावा नाही. बाकावर कोण टेकतं, उभ्यानेच कोण पितं, ग्लास स्वतः विसळून कोण ठेवतं, सुटे पैसे हातात मिळतात की फळीवर टाकले जातात, हे टिपा. एका फेरीवर निष्कर्ष काढू नका. वेगळ्या वेळी पुन्हा जा.

मग दलित वस्तीत, तिथल्याच घरी बसून बोला. टपरीसमोर कुणी खरं सांगणार नाही. वस्तीतल्या लोकांची मजुरी बहुधा त्याच गावातल्या शेतावर असते. म्हणूनच तक्रार करायची की नाही, हे त्यांनीच ठरवायचं. बाहेरचा माणूस निघून जातो, बहिष्कार त्यांना सोसावा लागतो.

तक्रार करायची ठरलीच, तर तारीख, वेळ, ठिकाण आणि साक्षीदार लिहून काढा. १९५५चा नागरी हक्क संरक्षण कायदा आणि १९८९चा अत्याचार प्रतिबंधक कायदा, दोन्हींचा उल्लेख करा. एफआयआरची प्रत मोफत मिळते, ती घेतल्याशिवाय ठाणं सोडू नका. मदतीसाठी १४५६६ ही अत्याचारविरोधी हेल्पलाइन लावा.