संगीतकाराचे चरित्र पटकथेत कसे उतरवावे

धुळे-जळगावकडील जे तरुण लेखक पाश्चात्त्य अभिजात संगीतकारांवर पटकथा लिहू पाहतात, त्यांनी जन्मापासून मृत्यूपर्यंतचा सगळा पट मांडण्याचा मोह आधी आवरावा. बेथोव्हन घ्यायचा असेल, तर १७७० ते १८२७ हा काळ दोन तासांत कोंबण्याऐवजी एकच रचना निवडावी. नववी सिंफनी, म्हणजे वाद्यवृंद आणि गायकांसाठीची त्याची मोठी रचना, आणि ७ मे १८२४ रोजी व्हिएन्नात झालेले तिचे पहिले सादरीकरण, एवढा ऐवज एका चित्रपटाला भरपूर पुरतो.

अस्सल साधनांचे मोल धुळेकरांना वेगळे सांगायला नको. इतिहासाचार्य राजवाड्यांनी गावोगावी फिरून जुनी दप्तरे मिळवली आणि त्यांच्या नावाचे संशोधन मंडळ इथेच आहे. तीच शिस्त इथेही पाळावी: पत्रे आणि समकालीनांच्या नोंदी आधी वाचाव्यात, चरित्रग्रंथ नंतर. बेथोव्हनच्या बाबतीत तर संवादवह्यांइतका मोठा ठेवा पटकथाकाराला दुसरा मिळणार नाही. त्याची श्रवणशक्ती फारच खालावल्यावर, १८१८ पासून, भेटायला येणारी माणसे आपले म्हणणे वहीत लिहीत आणि तो बहुधा तोंडी उत्तर देई. त्यामुळे वहीत पाहुण्याचा प्रश्न उरला आहे, बेथोव्हनचे उत्तर मात्र हवेत विरून गेले आहे. ते उत्तर लिहिणे हेच आपले खरे काम. पाहुण्याचे वाक्य वहीतून जसेच्या तसे उचलावे, ते लिहून होईपर्यंत बेथोव्हनला पेन्सिलीकडे पाहत ताटकळू द्यावे, आणि त्याचे उत्तर आखूड ठेवावे. एक सावधगिरी अत्यावश्यक आहे: त्याचा मदतनीस अँटोन शिंडलर याने बेथोव्हनच्या मृत्यूनंतर या वह्यांत बनावट नोंदी घुसडल्याचे १९७० च्या दशकात उघड झाले, म्हणून त्याच्या हातची ओळ पडताळल्याशिवाय घेऊ नये.

दृश्य कोणाच्या कानांनी ऐकायचे, हे लिहिण्यापूर्वीच ठरवावे. नवव्या सिंफनीच्या पहिल्या सादरीकरणाच्या संध्याकाळी बेथोव्हन मंचावर हातवारे करीत होता, पण वादकांची नजर उमलाउफ या संचालकाकडे होती. टाळ्या ऐकू न आल्याने पाठमोऱ्या उभ्या असलेल्या बेथोव्हनला गायिका कारोलिन उंगरने श्रोत्यांकडे वळवले, असे सांगतात. तो क्षण नेमका कधी आला, याबाबत आठवणींत एकवाक्यता नाही. माझ्या मते हा प्रसंग वीस वर्षांच्या उंगरच्या बाजूने लिहावा, कारण टाळ्या आणि ती पाठ या दोन्हींची जाणीव तिलाच एका वेळी होते.

मसुदा घरी अहिराणीत सांगून पाहावा. सिंफनी कधीही न ऐकलेल्या आजीला वादक कोणाकडे पाहून वाजवत होते हे उमगले, तर दृश्य जमले असे समजावे.

हक्कांचा विचारही लेखनातच करावा. बेथोव्हनच्या मूळ रचनांवर आता स्वामित्वहक्क नाही, परंतु ध्वनिमुद्रणावर भारतात प्रकाशनानंतर ६० वर्षे तो असतो. म्हणून रचनेचा कोणता भाग किती सेकंद हवा, हे समासात नोंदवावे, म्हणजे परवानगी घ्यायची की नव्याने वाजवून घ्यायचे, याचा हिशेब निर्मात्याला वेळेवर करता येतो.